कासुकाबे, साकाइमिनातो आणि आपला खानदेश

कासुकाबे, सायतामा प्रांत

चि. ओवी हिस, धुळे
अनेक आशीर्वाद.

टीव्हीवरच्या कार्टूनमधल्या शिनचॅनचं गाव खरंच आहे गं! हे पत्र तिथूनच लिहिते आहे. टोकियोतल्या असाकुसा स्टेशनातून तोबू रेल्वेनं उत्तरेला निघालं की तासाभरात कासुकाबे येतं. गाडी सुटताना फलाटावर त्याच्याच मालिकेची धून वाजते. शाळेची पोरं, कामाला निघालेली माणसं आपापल्या घाईत असतात, कुणाला त्याचं नवल नाही. त्यांना तो शेजारच्या घरातलाच पोरगा वाटतो. 2004 मध्ये इथल्या नगरपालिकेनं शिनचॅनच्या नोहारा कुटुंबाला गावाचे खास रहिवासी म्हणून रीतसर मान दिला.

गाव दिसायला अगदी साधं आहे. दोन मजली घरं, दारात सायकली, शाळा, बाजार. आपल्या धुळ्याच्या देवपुरातल्या एखाद्या कॉलनीत असावं तसं सगळं रोजचं. शिनचॅन काढणारे योशितो उसुई याच गावात वाढले आणि त्यांनी हे रोजचंच चित्रांत उतरवलं. 1990 मध्ये मोठ्या माणसांच्या एका साप्ताहिकात शिनचॅन सुरू झाला आणि 1992 मध्ये टीव्हीवर आला. तुझे बाबा त्याच्या वात्रटपणावर चिडतात ना, तसे इथले आईबापही चिडायचे. आपल्याकडे तो 2006 मध्ये हंगामा वाहिनीवर आला, 2008 मध्ये सरकारनं बंद केला आणि काटछाट होऊन परत सुरू झाला. 2009 मध्ये उसुई डोंगरावरून पडून गेले. पण त्यांच्या हाताखाली तयार झालेल्या माणसांनी गोष्ट पुढे चालवली. 2025 च्या चित्रपटात तर शिनचॅन भारतात येऊन नाचून गेला.

अशा चित्रकथांची इथली रीत तुला सांगते. गोष्ट आधी साप्ताहिकात येते. स्वस्त कागद, जाडजूड अंक. वाचकांना आवडली तर तिची पुस्तकं निघतात. मग प्रकाशक, टीव्ही वाहिनी, खेळणी करणारी कंपनी असे पाच-सात जण पैसे घालून मालिका काढतात. नफा-तोटा वाटून घेतात. दिवसरात्र चित्रं काढणाऱ्या पोरापोरींच्या हातात मात्र फार थोडं पडतं, आणि हे मला मनापासून खटकलं. पण सुरुवात होते ती एका माणसानं आपली गल्ली नीट बघितली तिथून. तूही तुझी गल्ली काढायला घे.

तुझी आत्या

साकाइमिनातो, तोत्तोरी प्रांत

ती. स्व. जिभाऊ यांस, जळगाव
शिरसाष्टांग नमस्कार.

हे पत्र तुमच्यासाठी राखून ठेवलं होतं. जपानच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या या मासेमारीच्या बंदरात मी एकाच माणसासाठी आले : चित्रकथाकार मिझुकी शिगेरू (1922–2015). योनागो स्टेशनात शून्य क्रमांकाचा फलाट आहे. तिथून सुटणाऱ्या छोट्या गाडीवर भुतंखेतं रंगवलेली आहेत आणि वाटेतल्या प्रत्येक स्टेशनाला एकेका भुताचं नाव दिलं आहे. इकडे या सगळ्या गणाला 'योकाई' म्हणतात.

इथली बाजारपेठ ओस पडत चालली होती. 1993 मध्ये गावानं मिझुकींच्या योकाईंचे 23 कांस्यपुतळे रस्त्याच्या कडेला बसवले. आज ते पावणेदोनशेच्या वर आहेत आणि लोक लांबलांबून येतात. बहुतेक पुतळे गुडघ्याएवढेसुद्धा नाहीत. त्यांच्या कितारो या नायकाचा एका डोळ्याचा बाप आहे, नुसतं बुबुळ आणि त्याला हातपाय, वाटीत बसून अंघोळ करणारा. टॅक्सीच्या टपावरचा दिवासुद्धा त्याच्याच आकाराचा. लोक येताजाता पुतळ्यांना हात लावतात, म्हणून बाकीचं अंग काळसर आणि डोकी तेवढी पितळेसारखी लखलखीत झाली आहेत.

मिझुकींना या गोष्टी मिळाल्या त्या नोन्नोनबा नावाच्या एका म्हातारीकडून. पूजापाठ करून पोट भरणारी गरीब बाई. त्यांच्या घरी तिचं येणंजाणं होतं. लहानग्या शिगेरूला तिनं कुठल्या डोहात काय राहतं, छताच्या डागांत कोण लपतं, सगळं सांगितलं. पुढे दुसऱ्या महायुद्धात रबाउलला बॉम्बहल्ल्यात त्यांचा डावा हात गेला. परत आल्यावर उरलेल्या हातानं त्यांनी आधी कामिशिबाईची चित्रं काढली. सायकलवर लाकडी चौकट, त्यात एकेक चित्र सरकवत गोष्ट सांगायची आणि जमलेल्या पोरांना गोळ्या विकायच्या, असा तो धंदा. आपल्या पिंगुळीच्या ठाकरांची चित्रकथीच जणू. टीव्ही आला आणि कामिशिबाई बसली, पण तिच्यातली माणसं आणि गोष्टी मासिकांकडे वळल्या. कितारो हा भूतकुळातला पोरगा तिथलाच. 1968 मध्ये तो टीव्हीवर आला आणि तेव्हापासून दर पिढीसाठी त्याची मालिका नव्यानं काढतात. म्हातारीच्या आठवणींवर काढलेल्या पुस्तकाला 2007 मध्ये फ्रान्समधल्या आंगुलेमच्या चित्रकथा महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

जिभाऊ, इथे 'नुरिकाबे' नावाचं एक योकाई आहे. रात्री चालता चालता पुढे न दिसणारी भिंत उभी राहते, पाऊल पडत नाही. काठीनं खालच्या बाजूला मारलं की भिंत नाहीशी होते म्हणतात. हा आपला चकवाच की! माय सांगायची, चकवा लागला तर आहे तिथे बसायचं, उजाडेपर्यंत हलायचं नाही. यानागिता कुनिओ या लोकसाहित्याच्या अभ्यासकानं नुरिकाबेची माहिती टिपून ठेवली होती. मिझुकींनी ती वाचली, त्या भिंतीला डोळे आणि हातपाय दिले, आणि आज जपानमधलं शेंबडं पोरही तिला ओळखतं.

आपल्याकडे टिपून ठेवण्याचं पहिलं काम झालेलं आहे. डॉ. रमेश सूर्यवंशींनी आपल्या अहिराणी बोलीचा शब्दकोश केला, सुधीर देवरेंनी 'ढोल' हे अहिराणी नियतकालिक काढलं. ऐकणारेही आहेत, यूट्यूबवर अहिराणी गाणी कोट्यवधी वेळा वाजतात. मधला चित्रं काढणारा माणूस तेवढा नाही. साती आसरा, मुंजा, चकवा, कानबाईच्या जागरणातली गाणी हे सगळं कुणी अहिराणी संवाद घालून दर आठवड्याला काढलं, तर आपली पोरं ते शिनचॅनइतक्याच आवडीनं बघतील याची मला खात्री आहे. तुम्ही जन्मभर चित्रकला शिकवलीत. तुमचे विद्यार्थी जळगाव-धुळ्यात फलक रंगवतात, लग्नपत्रिका करतात. त्यांना बोलवा.

आपली धाकटी

टोकियो

ती. माय हिस,
साष्टांग नमस्कार. (जिभाऊ, हे तिला मोठ्यानं वाचून दाखवा.)

माय, तू म्हणशील, मन्ह्या गोटी कोण ऐकस? आपल्या जळगावच्याच बहिणाबाई. त्यांना लिहिता येत नव्हतं. सोपानदेवांनी ओव्या उतरवून घेतल्या आणि आचार्य अत्र्यांच्या आग्रहानं 1952 मध्ये पुस्तक निघालं, म्हणून त्या आज घराघरात आहेत. इथे जपानात साकाइमिनातोच्या एका म्हातारीनं शेजारच्या पोराला गोष्टी सांगितल्या आणि त्या गोष्टींवर आज तिथली बाजारपेठ जगते आहे. तुझ्या गोष्टी त्याहून उण्या नाहीत. त्या तुझ्याबरोबरच जाव्यात हे मला सहन होणार नाही.

नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई बसेल, त्याआधी मी घरी पोचते. रोटासाठी सगळे जमतीलच. ओवीला धुळ्याहून आधीच बोलावून घेऊ. जिभाऊंना कागद आणि शाई आणून ठेवायला सांग. तू विहिरीवरच्या आसरांपासून सुरुवात कर, अहिराणीतच सांग, मध्ये कुणासाठी थांबू नकोस. मी लिहून घेईन, ओवी चित्रं काढेल. पहिला भाग दिवाळीच्या आत छापायचा.

तुझी पोर