तीन कात्र्या

चित्रपटाच्या नशिबी तीन कात्र्या असतात. पहिली तो काढणाऱ्याची, दुसरी समाजाच्या सभ्यतेची काळजी वाहणाऱ्यांची, आणि तिसरी तंबूतल्या ऑपरेटरची. पहिल्या दोघींविषयी शहाणी माणसे पुष्कळ लिहितात. आमच्या वाशीम भागात मात्र (त्या वेळी तो अकोला जिल्ह्यातच होता, वेगळा जिल्हा झाला १९९८ साली) लहानपणी आमची खरी ओळख झाली ती तिसरीशी.

रामनवमीला पोहरादेवीची यात्रा भरे. तिथे तंबू लागला, की सायंकाळपासून इंजिनाची धडधड सुरू होई. फीत गावोगाव फिरून इतकी झिजलेली असे, की घटका घटकाभराने तुटे. ऑपरेटर तुटलेली टोके कापून पुन्हा जोडी, आणि त्या कापाकापीत नायकाची अर्धी उडी जाई. होमी वाडियांचा १९५८ सालचा ‘झिंबो’ मी असाच पाहिला. आझाद एक झाड सोडताना दिसे, आणि डोळ्याचे पाते लवते न लवते तो दुसऱ्या झाडावर विराजमान! मधली झेप बहुधा मानोऱ्याच्या नाहीतर मंगरूळपीरच्या तंबूत पडून राहिली असावी. आमचे काही अडले नाही. ती झेप आम्ही घरी परतताना बैलगाडीत पूर्ण केली, आणि ऑपरेटरने कापली त्याहून ती खासच लांब होती.

अडले ते आमच्या काकांचे. काका रात्र रात्र शेतात जागलीला असत. रोही आणि रानडुकरे म्हणजे काय चीज आहे, हे त्यांना पुरते ठाऊक होते. चित्रपट संपल्यावर ते एवढेच म्हणाले, “असं जंगल पायलं नाई बाप्पा! इतके जनावरं, अन् कोनाचं पीक म्हनून खात नाईत!”

पुढे नागपूरला शिकायला असताना एका रविवारी सकाळच्या खेळाला १९३३ सालचा ‘किंग काँग’ पाहिला. बेटावरून साखळदंड घालून आणलेला तो अवाढव्य वानर न्यूयॉर्कच्या उंच इमारतीवर चढतो आणि विमानांच्या गोळ्या खाऊन खाली कोसळतो. मी आणि माझे दोन मित्र डोळे पुसत बाहेर पडलो. बिचाऱ्याने कुणाचे काय वाकडे केले होते?

त्याने काय केले होते, ते मला पुष्कळ वर्षांनी कळले. १९३८ साली हा चित्रपट अमेरिकेत पुन्हा लावला, तेव्हा तिथल्या नियमांना भिऊन त्यातले काही तुकडे काढून टाकले होते. काँग माणसे दातांत धरून चावतो, बेटावरच्या लोकांना चिखलात तुडवतो, नायिकेची वस्त्रे ओरबाडतो, आणि भलत्याच एका झोपलेल्या बाईला खिडकीतून उचलून, ही ती नव्हे म्हणून, उंचावरून सोडून देतो. हे तुकडे पुढे सापडले आणि १९७०च्या सुमारास पुन्हा जागच्या जागी बसवले गेले. २००५ साली सबंध चित्रपटच संगणकाच्या साहाय्याने झाडून पुसून स्वच्छ करण्यात आला.

ती संपूर्ण प्रत गेल्या दिवाळीत माझ्या मुलाने घरी लावली. शेजारी अकरा वर्षांची नात. मुलगा माझ्या कानाशी लागून म्हणाला, “बाबा, ते चार प्रसंग पुढे ढकलू का?” म्हणजे चौथी कात्री आमच्याच घरात निघाली! क्षणभर मलाही मोह झाला. माझा तो गरीब, निष्पाप काँग नातीच्या वाट्यालाही यावा, असे वाटले. पण मी म्हणालो, “राहू दे.”

खिडकीतली बाई खाली पडली, तेव्हा नातीने माझा हात घट्ट धरला. “आजोबा, हा दुष्ट आहे!” ती म्हणाली. शेवटी विमाने आली. छातीवरचे रक्त बोटांनी चाचपून तो विस्मयाने पाहू लागला, आणि पोरीच्या डोळ्यांना धार लागली. “पण तो दुष्ट होता ना?” मी विचारले. “होता,” ती हुंदके देत म्हणाली, “म्हणून काय झालं?”

निष्पाप प्राण्यासाठी रडणे तसे सोपे. त्याला काही क्षमा करावी लागत नाही. आम्ही नागपुरात रडलो ते कुणीतरी आमच्यासाठी धुऊन ठेवलेल्या जनावरासाठी; ती रडली ते सबंध जनावरासाठी.

सगळेच काही परत येत नाही. दरीत पडलेल्या खलाशांवर प्रचंड कोळी तुटून पडतात, असा एक प्रसंग दिग्दर्शक कूपरने स्वतःच, कथा अडखळते म्हणून, काढून टाकला. तो आजवर सापडलेला नाही. पीटर जॅक्सनने २००५ साली तो जुन्याच तऱ्हेने नव्याने रचून पाहिला. पण ते श्राद्ध झाले, पुनर्जन्म नव्हे. विलिस ओब्रायनने काँगच्या आधी हलत्या बाहुल्यांतून जी प्राचीन जनावरे उभी केली, तो १९२५ सालचा ‘द लॉस्ट वर्ल्ड’ देशोदेशींचे तुकडे जोडून कसाबसा उभा करावा लागला. आपल्याकडे तर ‘आलम आरा’ची एकही प्रत उरलेली नाही. जिथे सबंध हरवते, तिथे नकोसा तुकडासुद्धा हाती लागला तर जपावा.

चित्रपट संपला तरी नात झोपेना. तिला मी काकांची गोष्ट सांगितली. एका पहाटे एक रोही आमच्या विहिरीत पडला. रात्रभर डबे वाजवून ज्यांना हाकलले, त्यांतलाच तो. काकांनी त्याला चार शिव्या घातल्या, मग गडी जमवले, स्वतः विहिरीत उतरून त्याच्या पोटाखाली दोर घातले, लाथ खाल्ली आणि त्याला वर काढला. थरथरत उभा राहिला आणि पळाला.

“मग?” नात म्हणाली.

इथे थांबलो असतो तर गोष्ट फार सुरेख झाली असती.

“मग चार दिवसांनी त्याने आमची तूर खाल्ली.”