निकाल सांगू नका

हातोदला माझ्या मावशीच्या घरी टीव्हीच्या खालच्या कडेला कागदाची एक लांब पट्टी चिकटवलेली आहे. कालनिर्णयच्या जुन्या पानाची. जवळ जाऊन पाहिलं तर 'संकष्टी चतुर्थी' एवढं वाचता येतं. पहिल्या दिवशी मला वाटलं, टीव्हीला तडा गेलाय आणि काकांनी तो झाकलाय. आमच्याकडे, म्हणजे गोव्यात, अशा गोष्टी झाकून ठेवायची पद्धत आहेच. पण तडाबिडा काही नव्हता. काका रोज सकाळी अमेरिकेतल्या बेसबॉलचे आदल्या रात्री होऊन गेलेले सामने बघतात आणि सामन्याचं रेकॉर्डिंग किती लांबीचं आहे हे त्यांना दिसू नये म्हणून ती पट्टी!

काकांचं वय चौऱ्याहत्तर. सगळी नोकरी महसूल खात्यात झाली. निवृत्तीनंतर इंदूरमधलं भाड्याचं घर सोडून त्यांनी हातोदला स्वतःचं छोटं घर घेतलं. हातोद म्हणजे इंदूर जिल्ह्यातलंच तहसिलीचं गाव. इथून गुलावटचं कमळांचं तळं जवळ, म्हणून सुटीच्या दिवशी इंदूरची मंडळी फोटो काढायला या बाजूला येतात. एरवी सगळं शांत. अशा गावात सकाळी दहा वाजता पोह्यांवर शेव आणि जीरावण भुरभुरून एक मराठी म्हातारा बॉस्टन रेड सॉक्सचा सामना लावून बसतो. मांडीवर एक खतावणीची वही असते आणि कानावर पेन्सिल.

हे वेड आलं कुठून? तर नातवाकडून. मावसभाऊ बॉस्टनजवळ असतो. त्याचा मुलगा तिथलाच, चौदा वर्षांचा. त्याला मराठी समजतं, पण बोलताना अडतं. काकांना इंग्रजी वाचता येतं, पण नातवाचं इंग्रजी कानाला लागत नाही. दर शनिवारी संध्याकाळी सात वाजता (तिथे तेव्हा सकाळचे साडेनऊ) व्हिडिओ कॉल व्हायचा आणि 'जेवलास का', 'अभ्यास कसा चाललाय', 'थंडी आहे का' एवढ्यात संपायचा. मावशी म्हणते, "दोघं एकमेकांकडे बघत बसायचे, फोटो काढायला बसल्यासारखे."

मग तीनेक वर्षांपूर्वी एका शनिवारी नातवाने विचारलं, आबा, तुम्ही २००४चा सामना पाहिलाय का? आबांनी अर्थातच पाहिला नव्हता. पोराने त्यांना तो बघायला लावला.

हा सामना म्हणजे त्या गावच्या लोकांचं रामायण. रेड सॉक्सने १९१८ नंतर अजिंक्यपद जिंकलंच नव्हतं. ऑक्टोबर २००४मध्ये न्यूयॉर्क यांकीजशी सात सामन्यांची मालिका चालू होती आणि त्यात ते ०-३ असे मागे होते. चौथ्या सामन्यातही शेवटच्या, म्हणजे नवव्या डावात ३-४ने मागे, आणि समोर मारियानो रिव्हेरा. डेव्ह रॉबर्ट्स नावाचा बदली धावपटू पहिल्या बेसवर आला. तो आता दुसऱ्या बेसकडे पळणार हे मैदानातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. तरी तो पळाला आणि केसभराच्या अंतराने वाचला. मग बरोबरी झाली, आणि बाराव्या डावात मध्यरात्र उलटून गेल्यावर डेव्हिड ऑर्टिझच्या फटक्याने सामना जिंकला. पुढचे तिन्ही सामने जिंकून त्यांनी मालिका घेतली. ०-३वरून उठून मालिका जिंकणं त्या स्पर्धेत आधी कुणालाच जमलं नव्हतं. मग अजिंक्यपदही आलं, शहाऐंशी वर्षांनी.

काका म्हणाले, "अरे, मला त्यातलं निम्मं कळलं नाही. पण तो पळाला ना, तेव्हा मी खुर्चीतून उठलो!"

आणि मग त्यांनी एक गोष्ट सांगितली, ती मला फार आवडली. २००४ साली हा नातू जन्मलाच नव्हता. म्हणजे बॉस्टनच्या पोरानेही तो सामना पुन्हा दाखवलेलाच पाहिला होता आणि हातोदच्या आजोबांनीही. त्या एका बाबतीत दोघं अगदी एका पंगतीला बसलेले.

तिथून सुरुवात झाली. मुलाने तिकडून बेसबॉल संघटनेच्या एमएलबी टीव्ही या सेवेची वर्गणी भरून दिली. ही सेवा २००२ पासून इंटरनेटवर आहे. गंमत म्हणजे खुद्द अमेरिकेत बरीच वर्षं तिच्यावर आपल्या गावच्या संघाचा सामना थेट बघता यायचा नाही, कारण हक्क तिथल्या केबलवाल्यांकडे. सामना संपून तासदीड तास झाला की मग त्याचं रेकॉर्डिंग खुलं व्हायचं. म्हणजे गावचा माणूस गावच्या सामन्याला उशिरा आणि परगावचा वेळेवर! सरकारी कचेरीत काम करणाऱ्याला असल्या नियमाचं नवल वाटत नाही, ते सोडा.

काकांना थेट प्रक्षेपण बघता येतं, पण तिथे संध्याकाळी सात-सव्वासातला सुरू होणारा सामना इथे पहाटे साडेचार-पावणेपाचला सुरू होतो. मावशीने त्याला सरळ नकार दिला. म्हणून सकाळी आंघोळ, पूजा, पोहे आणि मग रात्रीचा सामना. एका संघाचे मोसमात १६२ सामने, म्हणजे हे जवळजवळ रोजचंच. २०२३ पासून चेंडू टाकणाऱ्याला घड्याळ लावलंय. त्यामुळे पूर्वी सरासरी तीन तासांवर जाणारा सामना आता दोन तास चाळीस मिनिटांच्या आसपास उरकतो. मावशीला बेसबॉलमधली तेवढी एकच सुधारणा ठाऊक आहे आणि ती तिला पसंत आहे.

हे रेकॉर्डिंग तीन तऱ्हांनी बघता येतं. एक, सगळा सामना. दुसरी तऱ्हा आवळलेला सामना, ज्यात मधले चेंडू काढून टाकलेले असतात आणि ज्यावर काही घडलं तेवढेच ठेवतात. तिसरी, यूट्यूबवरचे ठळक क्षण. काकांचं मत एकदम कडक आहे. ठळक क्षण म्हणजे त्यांच्या दृष्टीने लग्नाला न जाता आहेराची यादी वाचणं. शिवाय तिथे मथळ्यातच निकाल छापलेला असतो. आवळलेला सामना त्यांनी महिनाभर करून पाहिला आणि सोडला. मी विचारलं, का? तर म्हणाले, "अरे, एक फलंदाज सात चेंडू नुसते बाहेर मारतो, बाद होत नाही, त्या चेंडू टाकणाऱ्याला दमवतो आणि आठव्याला हुकतो. इथे काय दिसतं? एक चेंडू, हुकला. त्याने केलेली मेहनत कुठे गेली, भिया?"

म्हणून सगळा सामना, आणि तोही निकाल माहीत नसताना. त्यासाठी किती बंदोबस्त! ॲपमध्ये गुण लपवायची सोय आहे, ती चालू. नातवाशी करार झालेला की निरोपात निकाल लिहायचा नाही. मुलाला सकाळी दहा ते एक फोन करायची बंदी. आणि ती पट्टी. कारण रिमोटला हात लागला की खाली सामन्याची एकूण लांबी दिसते. ती जास्त असेल तर सामना नवव्या डावात बरोबरीत सुटलाय हे आधीच कळतं. मग पहिले आठ डाव कुणी किती का मारेना, काय फरक पडतो?

मी मात्र त्यांच्याशी वाद घातला. म्हटलं, काका, आमच्या गोव्यात देवळाच्या उत्सवात गावची मंडळी नाटक करतात. 'संशयकल्लोळ' किती वेळा झालं असेल त्याची गणती नाही. फाल्गुनराव पुढे काय बोलणार ते समोर बसलेल्या म्हातारीला पाठ असतं. नटाची ओळ चुकली तर ती सांगते! दशावतारात संकासुर शेवटी मरणार हे पोटातल्या पोरालाही ठाऊक. तरी लोक पहाट होईस्तोवर बसतात. निकाल कळला म्हणून काय बिघडतं?

काका थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "२००४चा सामना मी अकरा वेळा पाहिलाय. ते तुझं नाटक. पण कालचा सामना कालचाच आहे रे. तो पोरगा तिथे कळ काढत बघणार आणि मी इथे निकाल खिशात घालून बघू? मग शनिवारी बोलायचं काय?"

काकांचं बालपण इंदूरचं, तेव्हा क्रिकेट रक्तात. आणि ते क्रिकेट सगळं कानांनी पाहिलेलं. सुशील दोशींचं हिंदी समालोचन ऐकत मोठी झालेली ही पिढी. दोशी इंदूरचेच. त्याआधीची पिढी तर नुसती सांगोवांगी. त्यांच्या वडिलांकडून ऐकलेला १९४५चा रणजी अंतिम सामना काका अजून सांगतात. मुंबईच्या ब्रेबॉर्नवर होळकर विरुद्ध मुंबई. सी. के. नायडू कर्णधार. महायुद्धामुळे महूच्या छावणीत आलेला इंग्लंडचा डेनिस कॉम्प्टन होळकरांकडून खेळतोय. जिंकायला ८६७ हव्यात. कॉम्प्टन नाबाद २४९ आणि तरी होळकर ४९२वर संपले. शंभरापुढच्या प्रत्येक धावेला पैसे देईन म्हणणारा कुणी व्यापारी शेवटी पळून गेला, अशीही गोष्ट सांगतात. हे कशाचंच चित्रण नाही. काकांनी पाहिलेलं नाही, पण कॉम्प्टनची बॅट कशी वळली ते ते हातातल्या वर्तमानपत्राची सुरळी करून दाखवतात.

तसंच १८ जून १९८३चं. टनब्रिज वेल्सला झिंबाब्वेविरुद्ध ५ बाद १७, आणि कपिल देव नाबाद १७५. आपल्या एकदिवसीय क्रिकेटमधली बहुधा सर्वांत मोठी खेळी, आणि तिचं एकही चित्रण नाही. बीबीसीचा कॅमेराच त्या दिवशी तिथे नव्हता. मी काकांना म्हटलं, हे आपलंच नशीब. तर ते हसले. बेसबॉलमध्येही असंच एक हरवलेलं होतं म्हणे. १९६०च्या अजिंक्यपदाचा सातवा सामना. पिट्सबर्गने यांकीजना १०-९ असं हरवलं, तेही शेवटच्या फटक्यावर. त्या काळी टीव्हीवाले अशी रेकॉर्डिंगं जपून ठेवत नसत. पिट्सबर्ग संघात गायक बिंग क्रॉस्बी भागीदार होता. आपण बघितलं तर संघ हरेल या भीतीने तो पॅरिसला निघून गेला आणि जाताना पडद्यावरचा सामना फिल्मवर उतरवून घ्यायची व्यवस्था करून गेला. ती पाच रिळं २००९ साली त्याच्या घरातल्या दारूच्या तळघरात सापडली. तो जाऊन बत्तीस वर्षं झाली होती. २०१०मध्ये लोकांनी तो सामना पन्नास वर्षांनी पाहिला.

"बघ," काका म्हणाले, "तोसुद्धा आपल्यातलाच. निकाल कळल्यावर घरी येऊन बघितला असेल निवांत."

वहीबद्दल सांगायचं राहिलं. एक कारकून दुसऱ्याची वही बघतो तेव्हा आधी रेघा बघतो. काकांच्या रेघा सुरेख आहेत. बेसबॉलची नोंद करायची एक पद्धत आहे. मैदानातल्या नऊ जागांना आकडे असतात आणि चेंडू कुणाकडून कुणाकडे गेला ते '६-४-३' असं लिहितात. फलंदाज तीनदा हुकला की के. बॅट न फिरवता उभ्या उभ्या बाद झाला तर उलटा के. ही पद्धत रुजवणारा हेन्री चॅडविक हा जन्माने इंग्रज आणि मुळात क्रिकेटचा वार्ताहर, ते ऐकून काकांना फार बरं वाटलं होतं. त्यांच्या वहीत आकडे देवनागरी आणि के तेवढा रोमन. तीन मोसम झाले, चार वह्या भरल्या.

पण गेल्या एप्रिलपासून शनिवारचे फोन पुन्हा लहान झाले होते. मावशीने मला स्वयंपाकघरात सांगितलं. पोराला शाळेच्या संघात घेतलं नाही. त्याने हातमोजा माळ्यावर टाकला आणि सामने बघणंही सोडलं. काकांनी त्याला एकदाही विचारलं नाही. फक्त रोज दहा वाजता बसणं आणि वही भरणं चालू ठेवलं. "मी म्हटलं, आता कुणासाठी?" मावशी म्हणाली. "तर म्हणतात, मोसम संपेपर्यंत."

मी होतो तो सप्टेंबरातला शनिवार. चतुर्थी आटोपून रजा टाकून गेलो होतो. सात वाजता फोन लागला. जेवण, शाळा, थंडी. मग मुलगा जरा थांबला आणि अडखळत मराठीत म्हणाला, "आबा, काल काय झालं? जिंकले?"

काकांनी चष्मा काढला, पुसला. वही तिथेच टेबलावर होती. म्हणाले, "मी नाही सांगणार. बघ तू."

फोन संपल्यावर मावशी चिडलीच. "पोराने इतक्या महिन्यांनी विचारलं, सांगून टाकायचं होतं ना!" काका काही बोलले नाहीत. जेवतानाही गप्पच होते. मला वाटलं, चुकलंच त्यांचं.

सोमवारी सकाळी मी निघायच्या गडबडीत असताना काका वही घेऊन खोलीत आले. पोराचा निरोप आला होता, इंग्रजीतून, दोनच ओळी. शेवटचा फलंदाज उभ्या उभ्या बाद झाला, तुम्ही उलटा के लिहिलात ना?

काकांनी सरळ लिहिला होता. मला म्हणाले, "जरा तुझा तांबडा पेन दे."