पांझरेच्या काठचा फड

धुळ्याहून साक्रीमार्गे पिंपळनेरची एस.टी. धरलीत की रस्त्याला कधी डावीकडे, कधी उजवीकडे पांझरा सोबत करते. ही नदी साक्री तालुक्याच्या पश्चिमेकडील डोंगरात उगम पावते आणि मुडावदजवळ तापीला मिळते. तिच्या काठच्या एका गावी आज तुम्हाला नेतो. गावाचे नाव सांगत नाही. घरातले बोलणे चावडीवर नको.

गावाच्या वरच्या अंगाला नदीत दगडचुन्याचा जुना बंधारा आहे. तेथून निघालेला पाट उताराने शेतात येतो. ना इंजिन, ना वीज. भिजणारी सारी जमीन तीन-चार फडांत वाटलेली. एका फडात एकच पीक! एकात ऊस, दुसऱ्यात गहू-हरभरा, एखादा मोकळा. आणि वर्षागणिक फेरपालट. बहुतेकांची पट्टी प्रत्येक फडात असते, त्यामुळे सगळ्यांचेच सगळे पिकते, किंवा सगळ्यांचेच थोडे बुडते. नदीला पाणी कमी असले की पंच बसतात आणि एक फड कोरडा ठेवतात. एकाचे हिरवे आणि शेजाऱ्याचे करपलेले, असे होत नाही.

यात गंमत अशी, की मालक स्वतः दारे धरत नाही. ते काम पाटकऱ्याचे. राखणीला जागल्या. पूर्वी दोघांना मोबदला धान्याच्या रूपाने मिळे.

मी येथे प्रथम आलो तेव्हा नवा होतो, पदवीची शाई ओली होती. गव्हाच्या फडात एका शेतकऱ्याला भाजीपाल्याचा प्रयोग करायला मी सांगितले. म्हाताऱ्या पाटकऱ्याने नकार दिला. भाजीला पाणी लवकर लागते, एका वाफ्यासाठी पाट सोडला तर गव्हाचे बारे मोडेल. मी हट्ट धरला, तेव्हा तो म्हणाला, "पानी गावनं शे साहेब, एकलानं नही." रात्री त्याच्याच घरी भरीत-भाकरी जेवलो. राग नव्हता.

श्रावणात कानबाई बसते. रविवारी घरोघर रोट, सोमवारी मिरवणुकीने देवी नदीवर. ज्या काठी बाया कानबाईला निरोप देतात, त्याच काठी पुरुष बंधाऱ्याची पडलेली दगडे मोजत असत. पाऊस संपला की पाटातला गाळ काढायला घरटी एक माणूस. न येणाऱ्याला दंड.

पुढे वर लाटीपाड्याला धरण झाले, पाणी आवर्तनाने येऊ लागले. विहिरी आणि मोटारी वाढल्या. त्या विहिरींच्या कागदांवर माझ्याही शिफारशी आहेत, हे लपवीत नाही. गरज खरी होती. पण ज्याच्या दारी मोटार, तो पाटाच्या गाळाला कशाला येईल, हे माझ्या ध्यानात आले नाही. कोणी मधल्या फडात डाळिंब लावले, कोणी कांदा. एक बारे सगळ्यांना पुरेना. काही गावांचे बंधारे तर नुसते पाहण्यापुरते उरले.

गेल्या वर्षी गाळ काढण्याच्या दिवशी मी मुद्दाम गेलो. माणसे थोडी. त्याच पाटकऱ्याचा नातू फावडे घेऊन उभा होता. मोटारवाल्या एका तरुणाला त्याने विचारले, "पाट कोरडा असतो तेव्हा तुझ्या विहिरीची पातळी किती खाली जाते?" तरुण काही बोलला नाही. पाटाचे झिरपलेले पाणीच त्याच्या विहिरीत उतरते, हे त्याला ठाऊक होते. दुपारनंतर तो आला, तोही एकटाच. त्याच्या भाऊबंदांपैकी कोणी नाही. संध्याकाळपर्यंत पाट निम्माच साफ झाला. उरलेला दुसऱ्या दिवशी ठरला.

तुम्ही गेलात तर दिवाळीनंतर जा. पाटकऱ्याला गाठा, तो बंधाऱ्यापासून शेवटच्या चारीपर्यंत चालवील. पायात जुन्या चपला असू द्या, चिखल फार असतो.