जांभळीखालचा अंधार

चैत्री पौर्णिमेला चोरखमाऱ्याच्या तलावाच्या पाळीवर ट्रायपॉड लावला, तेव्हा साडेतीन मिनिटांची फिल्म डोक्यात तयार होती. चंद्र, पाणी, पलीकडे नागझिऱ्याचं जंगल. संवाद नाहीत. हिरो चंद्रच.

पण हिरो स्क्रीनवर तांदळाच्या दाण्याएवढा! डोळ्यांना तो केवढा तरी वाटतो. हात लांब करून करंगळी धरली की तिच्याआड सहज लपतो. मग चंद्र सोडला आणि चांदणं धरलं. पौर्णिमेचा उजेड उन्हाच्या साधारण ४ लाखांवा हिस्सा. म्हणून एकेका फ्रेमला १० सेकंद देत टाइमलॅप्स केला. पाळीखालचा मोह, त्याच्यामागची जांभूळ, सगळं लख्ख आलं. पानांचा हिरवा रंगसुद्धा, जो तिथे उभा असताना मला दिसतच नव्हता. इतक्या कमी उजेडात आपल्या डोळ्यांना रंग कळत नाहीत. सेन्सर प्रकाश साठवत बसतो, त्याला कळतात. चांदणं म्हणजे उसनं ऊनच की. मग एडिटमध्ये मी त्यावर निळी छटा चढवली, कारण सिनेमातली रात्र निळी असते. ऑफिसात सगळ्यांना आवडली.

आजीने फोन हातात घेतला. "हा त दिवसा काढला."

"नाही गं, रात्री दोनला."

"मंग जांभळीखालचा अंधार कुठं गेला?"

आजीचा डावा हात खांद्याच्या वर जात नाही. मोह वेचायला ती उजाडायच्या आत, चांदण्यावर निघायची. उशीर केला तर फुलं जनावरं खातात. अस्वलालाही मोह आवडतो. एका चैत्रात ते त्याच जांभळीखालून आलं. एवढं मला ठाऊक होतं. बाकीचं तिने त्या दिवशी सांगितलं. अमावास्येला माणूस कान देऊन चालतो. टिपूर चांदण्यात उघड्यावरचं सगळं दिसतं, म्हणून तो निर्धास्त होतो, आणि सावलीत काय आहे ते मात्र दिसत नाही. त्या रात्री पाचोळा वाजला होता. तिला ऐकूही आला होता. पण तिने आधी नजर टाकली, काही दिसलं नाही, म्हणून टोपली खाली ठेवली.

मी पुन्हा एडिटला बसलो. निळा काढला. सावल्या पार काळ्या होईपर्यंत खाली ओढल्या. जांभळीवर २० सेकंद थांबलो. तिथे काहीच दिसत नाही, फक्त पाचोळ्यावर मोहाची फुलं पडतात त्याचा आवाज. तो मी आधी खरखर समजून काढून टाकला होता. मित्र म्हणाला, लोक इथे स्क्रोल करून पुढे जातील. जातीलही.

आजीसमोर या वेळी फोन मीच धरला. जांभूळ आली तशी तिने स्क्रीनवरून नजर काढली, मान वळवली आणि कान पुढे केला.