मॅट आणि एक प्रश्न

बिलोलीच्या महाविद्यालयातून आमचा खो-खोचा संघ बाहेर पडला त्याला वीस वर्षे होऊन गेली. बारा गड्यांपैकी सात हैदराबादेत, तिघे पुण्यात. बहुतेकांचे पोट संगणकावर. हैदराबाद आम्हांला परके कधीच नव्हते. 1956 पर्यंत आमचा जिल्हा त्याच राज्यात होता, आणि तालुक्याची शीव आजही तेलंगणाला भिडलेली आहे. माधापूरला 1998 मध्ये सायबर टॉवर्स उभे राहिले, तेव्हा वडीलधाऱ्यांची जुनी वाट आम्ही नव्या कामासाठी धरली, इतकेच.

गेल्या वर्षी महाविद्यालयाच्या मुलींच्या संघाने आम्हांला शोधून काढले. जिमखान्यातल्या जुन्या छायाचित्राखालची नावे उतरवून घेऊन या मुली आमच्या घरोघर गेल्या, आमच्या आयांकडून फोन नंबर मिळवले. मागणी एकच होती: मॅट. 2025 च्या जानेवारीत दिल्लीला खो-खोचा पहिला विश्वचषक झाला, प्रियांका इंगळेच्या संघाने तो जिंकला, आणि तो सारा खेळ मॅटवर झाला. आमच्या काळ्या मातीत उन्हाळ्यात भेगा पडतात. तिथे घोटलेले पाऊल मॅटवर ऐन वळणावर फसते. पैसे आठ दिवसांत जमले. मराठी कथेतला शहरात गेलेला मनुष्य गावी मनीऑर्डर पाठवतो आणि लेखक त्याच्या वतीने हळवा होतो; आम्हांला लेखकाची गरज पडली नाही, आमचे आम्हीच हळवे झालो.

नारळ फुटला, भाषणे झाली. मग संघाची कर्णधार, बी.सी.ए.च्या शेवटच्या वर्षाची मुलगी, म्हणाली, "दादा, लॉकडाऊनमध्ये तुम्ही दीड वर्ष इथूनच काम करत होता की. मग आता नांदेडहून का होत नाही? हैदराबादला मला घरचे पाठवणार नाहीत."

खरे होते. 2020 साली आम्ही गच्चीवर रेंज शोधत, इन्व्हर्टरच्या भरवशावर काम केले, आणि एकही काम अडले नाही. पुढे कार्यालयांनी बोलावले, आम्ही निमूट परतलो. इथेच राहू का, असे आमच्यापैकी एकानेही विचारले नाही. त्याहून लाजिरवाणी गोष्ट वेगळीच. आमच्यातले दोघे आज नव्या भरतीच्या मुलाखती घेतात. मुलाखतींसाठी जायच्या महाविद्यालयांची यादी दरवर्षी त्यांच्यासमोरून जाते. तीत नांदेड नाही, हे त्यांना ठाऊक होते. ते का नाही, हे त्यांनी कधी विचारले नव्हते.

खो-खोत पाटीवर बसलेल्या गड्याला, पळणारा हाताच्या अंतरावरून गेला तरी, खो मिळाल्यावाचून उठता येत नाही. हे आम्हांला कोणी शिकवायची गरज नव्हती.

परतल्यावर एकाने आपल्या कार्यालयात विषय काढला. नांदेडला विमानतळ आहे का, असे वरिष्ठांनी विचारले. आहे, असे त्याने कळवले आहे.