एल्गेयोचा कडा : काही टिपणे

शाळेच्या पुस्तकातली खचदरी म्हणजे मधला तुकडा खाली, दोन्हीकडे उभ्या भिंती. पूर्व आफ्रिकेत बऱ्याच ठिकाणी भिंत एकच असते. केनियातल्या केरियो खोऱ्यात ती पश्चिमेला आहे, एल्गेयोचा कडा. समोरच्या तुगेन टेकड्या मात्र खोऱ्याकडे निवांत उतरतात. मोठा भ्रंश एका अंगाला आणि सगळी जमीन त्याच्याकडे कललेली. टांझानियात मन्यारा सरोवरापाशीही तसंच.

*

काठावरचं इटेन सुमारे 2400 मीटर उंचीवर, तळ हजार-बाराशेवर. वर गारवा आणि हिरवळ, खाली बाभळी आणि धूळ.

*

कड्याच्या माथ्यावर फोनोलाइट. काळपट, घट्ट लाव्हा. हातोडी मारली की खणखणतो. पायथ्याला त्याहून कितीतरी पटींनी जुना नाइस खडक. दोघांच्या मध्ये मऊ गाळाचे थर, ते लवकर झिजतात, म्हणून अर्ध्या उतारावर एक फळी तयार झाली. तांबाच गाव तिच्यावर वसलंय. इंग्रजांच्या काळात जिल्ह्याचं ठाणं इथेच होतं. साहेबाला जागा बरोबर कळली: वरची थंडी नाही, खालचा हिवताप नाही.

फोनोलाइटची गंमत अशी की तो दरीच्या बाजूने आला. दरी भरली, काठावरून पठारावर सांडला. मग जमीन पुन्हा खचली. आजची भिंत त्यानंतर उघडी पडलेली.

*

भूगर्भशास्त्रज्ञ जे. डब्ल्यू. ग्रेगरी 1893 मध्ये तुगेन टेकड्यांपलीकडच्या बारिंगो सरोवरापर्यंत पोचला. पूर्व आफ्रिकेची ही खचदरी नदीने कोरलेली नाही, समांतर भ्रंशांमधली जमीन खचून झाली आहे, हे त्याने ठासून मांडलं.

*

उत्तरेकडे मराक्वेत लोकांचे पाट. खोऱ्यात पाऊस कमी, पण चेरांगानी डोंगरातून अरोर, एम्बोबुत अशा नद्या उतरतात. त्यांना वरच बांध घालून पाणी कड्याच्या अंगाने आडवं वळवायचं, थोडं थोडं खाली आणत तळाच्या शेतात सोडायचं. वाटेत सरळ कातळ आला तर दगड रचून, लाकडं आणि काटक्या बांधून पाट अधांतरी नेतात. काही ठिकाणी पोकळ केलेले ओंडके. ही व्यवस्था शेकडो वर्षांची. पाट कुळांच्या मालकीचे, दुरुस्तीही त्यांचीच, पाण्याच्या पाळ्या ठरलेल्या. उताराच्या हिशेबात चूक चालत नाही: जास्त झाला तर पाणी पाट फोडतं, कमी झाला तर गाळ साचतो. अभियांत्रिकीच्या इतिहासात यांना एखादा परिच्छेद मिळाला तरी पुष्कळ, याचा राग येतो.

खाली पिकं ज्वारीची, नाचणीची. नाचणी मुळात पूर्व आफ्रिकेच्या डोंगराळ भागातलीच. कोकणातल्या भाकरीचं हे माहेर.

*

पाणी वरून येतं तसे दगडही येतात. एप्रिल 2020 मध्ये याच भागातल्या चेसेगॉन गावाची बाजारपेठ दरडीच्या लोंढ्यात गेली.

*

याच खचदरीच्या पूर्व अंगाला, नैरोबीच्या बाजूला, किकुयू कडा. युगांडा रेल्वे तिथे अडली. पूल होईपर्यंत डबे दोरखंडांनी उतारावरून खाली सोडत. या मार्गासाठी हिंदुस्थानातून सुमारे 32 हजार मजूर नेले होते.

*

पुन्हा एल्गेयोच्या कड्यावर: तळातल्या किम्वारेरच्या फ्लोरस्पार खाणीपासून माथ्यावरच्या न्यारूपर्यंत जवळपास 21 किलोमीटर नुसता चढ. एल्डोरेट-इटेनकडचे मॅरेथॉनवाले गाडीने खाली जातात आणि धावत वर येतात. सपाटीवरही धावता येतं, हे त्यांना कुणी सांगायला जाऊ नये.