मंथरेचा डोळा

यवतमाळ

ती. सौ. ताईस,


तुझं पत्र पोचलं. एकांकिकेत खाष्ट सासूचं काम आलं म्हणून लेक दोन दिवस धड जेवली नाही, हे वाचलं आणि आपल्या घरचे 1987 चे रविवार डोळ्यांपुढे आले. 'रामायण' लागलं की अर्धी आळी आपल्या ओसरीत. आजी घरच्या कापसाच्या वाती वळत बसायची. मंथरा दिसली की तिचे हात थांबायचे, वात मांडीवर तशीच राहायची, आणि टीव्हीकडे बघत ती कडाकडा बोटं मोडायची. "हिचा डोळा असा का गं?" तू विचारलंस. "पापं केली असतील मेलीनं," आजी म्हणाली.

त्या डोळ्याची खरी हकिकत लेकीला सांग.

मंथरेचं काम करणारी ललिता पवार मूळची अंबा शगुण, तुमच्या नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याची, जन्म 1916 चा. मूकपटांच्या काळात ती लहानपणीच पडद्यावर आली आणि पुढे नायिका झाली, तीही मारधाडीच्या चित्रपटांची. 1935 साली 'हंटरवाली'तल्या नादियानं लोकांना वेड लावलं. त्याच वर्षी ललिताबाईंचा 'हिम्मते मर्दा' आला. 1938 मध्ये टॉलस्टॉयच्या कादंबरीवरून 'दुनिया क्या है' काढला, त्याची निर्मितीही बाईंचीच. खांडेकरांच्या कथेवरच्या 'अमृत'मध्येही ती होती.

1942 साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात भगवानदादांनी तिला थोबाडीत मारायची होती. हात जोरात बसला. डाव्या डोळ्याची शीर दुखावली, चेहऱ्याला लकवा झाला. उपचार लांबले आणि डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेची कामं गेली.

हळहळणारे इथेच थांबतात. मला मात्र बाईंचं खरं मोठेपण इथून पुढे दिसतं. 1944 च्या 'रामशास्त्री'त ती आनंदीबाई झाली. 'ध'चा 'मा' करणारी म्हणून जिचं नाव घरोघरी घेतलं जातं, ती आनंदीबाई! मग सासवा आल्या, कजाग आया आल्या. आणि तो डोळा तिनं लपवला नाही. वाक्य अर्ध्यावर सोडायचं, मान जराशी वळवायची, डोळा आणखी बारीक करायचा. समोरची सून बोलायच्या आधीच हरलेली असायची. हे नशिबानं येत नाही गं, त्याला अक्कल लागते आणि मेहनत लागते.

तोच चेहरा 'श्री 420'मध्ये केळी विकणारी मायाळू गंगामाई होतो. 'अनाडी'तली मिसेस डिसा तर बघच. राज कपूरवर खेकसते, पण प्रत्येक खेकसण्याच्या तळाशी माया. औषधानं तिचा जीव जातो आणि सगळी कथाच तिथून फिरते. त्या कामासाठी तिला फिल्मफेअर मिळालं, 1961 साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. 1998 साली पुण्यात ती गेली, तोवर सातशेच्या आसपास चित्रपट झाले होते.

तालमीआधी पोरीला 'अनाडी' दाखव. प्रयोगाला मी येतेच आहे. तिचा प्रवेश झाला आणि प्रेक्षकांतल्या एखाद्या म्हातारीनं बोटं मोडली, तर काम जमलं असं तिला सांग.

तुझी,
धाकटी